फरकाची फोड

‘त्या गावचं पाणी वाईट, म्हणून तिथली माणसं आजारी’, ‘त्या शाळेतली पोरं हुशार, कारण तिथले गुरुजी चांगले’, ‘ह्या खतानं पऱ्हाटी जोरात आली’ अशी वाक्ये आपण पारावर, बाजारात, एसटीत रोज ऐकतो. अशा प्रत्येक वाक्याच्या पोटात एक तुलना दडलेली असते. दोन-तीन गट घ्यायचे, त्यांच्यातला फरक पाहायचा आणि त्या फरकाला एखादे कारण चिकटवून मोकळे व्हायचे, अशी आपली रीत. कधी कारण बरोबर निघते, कधी चुकते. चुकले म्हणजे त्याची किंमत कुणाला तरी मोजावी लागते.

आपल्या बुलढाणा जिल्ह्यातलीच गोष्ट घ्या. २०२४ सालचा डिसेंबर संपता संपता शेगाव तालुक्यातल्या बोंडगाव, कालवड, हिंगणा अशा गावांत माणसांचे केस गळू लागले. आधी डोके खाजायचे, कुणाला ताप, कुणाला मळमळ. मग हात लावला की झुपका हातात यायचा, आणि तीन-चार दिवसांत टक्कल. बघता बघता दीड डझन गावे ह्या तडाख्यात सापडली आणि बाधितांचा आकडा अडीचशेच्या वर गेला. त्यांत बाया होत्या, शाळेत जाणारी पोरे होती, म्हातारी माणसे होती. लोक हबकले. ह्या गावांत सोयरीक करायला बाहेरचे लोक कचरतात, अशाही बातम्या छापून आल्या. म्हणजे केसांबरोबर गावाची अब्रूही पणाला लागली होती.

कारण शोधताना प्रथम बोट गेले पाण्याकडे. काही ठिकाणच्या पाण्यात नायट्रेट आणि क्षार जास्त निघाले. कुणी बुरशीचा संशय घेतला, कुणी शांपूचा. भारतीय वैद्यकीय संशोधन परिषदेची तज्ज्ञ मंडळी येऊन नमुने घेऊन गेली. विंचवाच्या दंशावरील उपचारांसाठी प्रसिद्ध असलेले महाडचे डॉक्टर हिंमतराव बावस्कर ह्यांनीही ह्या गावांतून नमुने गोळा केले. बाधित माणसांच्या रक्तात सेलेनियम हे मूलद्रव्य ३५ पट, लघवीत ६० पट आणि केसांत १५० पट वाढलेले आढळले, असे त्यांनी २०२५ च्या फेब्रुवारीत जाहीर केले. आणि ते रेशनच्या गव्हातून आले असावे, असा आपला निष्कर्ष सांगितला.

आता तुम्ही विचाराल, ह्यात आकडेशास्त्राचा संबंध काय? संबंध आहे, आणि तो पहिल्याच प्रश्नापाशी आहे. पूर्णा नदीच्या खोऱ्यातला खारपाणपट्टा आपल्याला नवा नाही. बुलढाणा, अकोला, अमरावती ह्या तिन्ही जिल्ह्यांतल्या शेकडो गावांचे पाणी पिढ्यान्‌पिढ्या खारट आहे. मग क्षारांमुळे केस गेले म्हणावे, तर ते ह्याच गावांत आणि ह्याच महिन्यात का गेले? बाधित गावांच्या पाण्यात क्षार जास्त आहेत, एवढे सांगून भागत नाही. बाधित नसलेल्या गावांच्या पाण्यात ते किती आहेत, आणि एकाच गावातल्या दोन विहिरींत किती फरक आहे, हेही मांडावे लागते. गावागावांतला फरक आणि गावातल्या गावातला फरक, असे दोन ढीग वेगळे केले पाहिजेत. असे ढीग वेगळे करण्याची एक शास्त्रशुद्ध रीत आहे. मराठी परिभाषेत तिला ‘प्रचरणाचे विश्लेषण’ म्हणतात. कॉलेजातली मुले ‘अनोव्हा’ म्हणतात. आपण तिला साध्या भाषेत ‘फरकाची फोड’ म्हणू या.

ही फोड कशी करतात, ते एका उदाहरणाने पाहू. आकडे समजावण्यासाठी कल्पिलेले आहेत. ते कुठल्या गावाचे नाहीत. समजा, तीन गावांतल्या शाळांतून प्रत्येकी चार मुलींचे रक्त तपासले. १०० मिलिलिटर रक्तात हिमोग्लोबिन किती ग्रॅम, ते मोजले. पहिल्या गावच्या मुलींचे आकडे ९, १०, ११ आणि १०. दुसऱ्या गावचे १०, ११, १२ आणि ११. तिसऱ्या गावचे ११, १२, १३ आणि १२. सरासरी काढा. पहिल्या गावाची १०, दुसऱ्याची ११, तिसऱ्याची १२. सगळ्या बारा मुलींची मिळून सरासरी ११.

आता दुसरी तीन गावे घ्या. त्यांतल्या पहिल्या गावचे आकडे ७, १०, १३, १०. दुसऱ्याचे ८, ११, १४, ११. तिसऱ्याचे ९, १२, १५, १२. ह्यांच्याही सरासऱ्या काढून पहा: १०, ११ आणि १२! म्हणजे वर्तमानपत्रात नुसत्या सरासऱ्या छापल्या, तर दोन्ही बातम्या हुबेहूब सारख्या दिसतील. पण दोन्हींचा अर्थ सारखा आहे का? मुळीच नाही. पहिल्या खेपेस प्रत्येक गावच्या मुली एकमेकींच्या जवळपास आहेत, त्यामुळे गावागावांतला फरक उठून दिसतो. दुसऱ्या खेपेस एकाच गावात ७ वाली मुलगी आहे आणि १३ वालीही आहे. तिथे गावांच्या सरासऱ्यांतला एक-दोनचा फरक म्हणजे बाजाराच्या गलबल्यात कुणी कुजबुजावे तसा. तो खरा आहे की निवड करताना योगायोगाने पडला, हे सांगणे कठीण.

डोळ्यांना दिसणारी ही गोष्ट आकड्यांत कशी बसवायची? गुरुजी, इथे थोडा फळा वापरा. प्रत्येक मुलीचा आकडा ११ ह्या एकूण सरासरीपासून किती दूर आहे ते काढा आणि त्या अंतराचा वर्ग करा. वर्ग एवढ्यासाठी, की अंतर खाली असो की वर, वर्ग अधिकच येतो. नाही तर उणे-अधिक एकमेकांना खाऊन टाकतात. पहिल्या खेपेच्या बाराही मुलींच्या वर्गांची बेरीज येते १४. हा झाला एकंदर फरक.

आता ह्या १४ ची फोड करू. पहिला भाग गावागावांतला. गावांच्या सरासऱ्या १०, ११, १२. एकूण सरासरीपासून त्यांची अंतरे १, ० आणि १. वर्गांची बेरीज २. प्रत्येक गावात चार मुली, म्हणून चौपट करा: ८. दुसरा भाग गावातल्या गावातला. प्रत्येक मुलीचे तिच्याच गावाच्या सरासरीपासूनचे अंतर घ्या, वर्ग करा आणि बेरीज मांडा. प्रत्येक गावाचे २ येतात, तीन गावांचे मिळून ६. आता पहा: ८ आणि ६ मिळून १४. एकंदर फरकाचे दोन भाग झाले, आणि मधे काही सांडले नाही की वाढले नाही. ह्या रीतीची सगळी खुबी ह्या एका बेरजेत आहे.

पण ८ आणि ६ ची तुलना सरळ करता येत नाही, कारण ८ हा तीन गावांमुळे आला आणि ६ हा बारा मुलींमुळे. म्हणून प्रत्येकाला त्याच्या मोकळ्या आकड्यांनी भागायचे. मोकळे आकडे म्हणजे काय? चार मुलींची सरासरी १० ठरली, की तीन मुलींचे आकडे मोकळे राहतात. चौथीचा आपोआप बांधला जातो. तेव्हा एका गावात मोकळे आकडे तीन, आणि तीन गावांत नऊ. तसेच तीन सरासऱ्यांपैकी मोकळ्या दोन. ८ ला २ ने भागले, ४ आले. ६ ला ९ ने भागले, सुमारे ०.६७ आले. आता ४ ला ०.६७ ने भागा. उत्तर ६. म्हणजे गावागावांतला फरक हा गावातल्या गावातल्या फरकाच्या सहापट भरला.

दुसऱ्या खेपेस हेच गणित केले, तर गावागावांतला भाग तोच, ८. गावातल्या गावातला मात्र ५४. त्याला ९ ने भागले की ६. आणि ४ भागिले ६ म्हणजे सुमारे ०.६७. गुणोत्तर एकापेक्षाही कमी! सरासऱ्या त्याच, पण निकाल उलटा.

ह्या गुणोत्तराला ‘एफ’ म्हणतात. ते किती मोठे आले म्हणजे फरक खरा मानावा, ह्याचे तक्ते तयार आहेत. आपल्या उदाहरणात, २ आणि ९ ह्या मोकळ्या आकड्यांसाठी तक्ता ४.२६ सांगतो. त्याचा अर्थ असा की गावांत मुळात काही फरक नसेल, तर निव्वळ योगायोगाने ४.२६ किंवा त्याहून मोठे गुणोत्तर शंभरात पाच वेळा येईल. आपले ६ त्याच्या वर आहे, म्हणून पहिल्या खेपेचा फरक निव्वळ योगायोगाचा असणे अवघड. पण शंभरात पाच म्हणजे शून्य नव्हे, हे ध्यानात ठेवा.

कुणी म्हणेल, एवढा खटाटोप कशाला? दोन-दोन गावांच्या जोड्या लावून तपासले तर? तीन गावांच्या तीन जोड्या होतात, आणि सहा गावांच्या पंधरा. प्रत्येक जोडीत फसण्याचा धोका शंभरात पाच. पंधरा वेळा नाणेफेक केली की कधी तरी हवा तो छाप पडतोच. तसा कुठल्या तरी जोडीत खोटा फरक भेटण्याचा धोका बराच वाढतो. फरकाची फोड सगळ्या गावांना एकदम एकाच तराजूत घालते, म्हणून हा धोका आटोक्यात राहतो.

ही रीत कुठून आली, हे आपल्या शेतकरी बंधूंनी अभिमानाने ऐकावे असे आहे. ती दवाखान्यात जन्मली नाही, वावरात जन्मली. इंग्लंडमधल्या रॉथमस्टेड ह्या शेतीसंशोधन केंद्रात १९१९ साली रोनाल्ड फिशर हा तरुण गणिती रुजू झाला. तिथे कित्येक वर्षांच्या पीक-प्रयोगांच्या आकड्यांचे ढीग पडून होते. १९२३ साली त्याने विनिफ्रेड मॅकेन्झी ह्या सहकारी बाईंबरोबर बटाट्याच्या जाती आणि खते ह्यांच्या प्रयोगावर लेख लिहिला, त्यात ही फोड वापरली. १९२५ साली ती त्याच्या पुस्तकातून जगभर गेली. ‘एफ’ हे अक्षर फिशरच्याच नावाचे. अमेरिकेतल्या स्नेडेकर नावाच्या संख्याशास्त्रज्ञाने ते त्याच्या सन्मानार्थ दिले. आपल्याकडे इंदूरला कापसाच्या संशोधनात काम केलेले विनायक गोविंद पानसे आणि सातारा जिल्ह्यातल्या बुध गावी जन्मलेले पांडुरंग वासुदेव सुखात्मे ह्या दोघांनी १९५४ साली शेतीसंशोधकांसाठी ह्या विषयावर इंग्रजीत पुस्तक लिहिले. शेतीशाळांतून आणि विद्यापीठांतून कित्येक पिढ्या त्यावर शिकल्या.

वावरातला धडा साधा आहे. समजा, तुम्हाला तीन खते पारखायची आहेत. एक खत नाल्याकाठच्या काळ्या जमिनीत घातले, दुसरे मधे, तिसरे वरच्या बरड तुकड्यात, तर पिकाचा फरक खताचा की जमिनीचा? देव जाणे! म्हणून फिशरने दोन गोष्टी सांगितल्या. एक, वावराचे पट्टे पाडा आणि प्रत्येक पट्ट्यात तिन्ही खते येऊ द्या. म्हणजे जमिनीमुळे पडणारा फरक हा तिसरा ढीग म्हणून बाजूला काढता येतो. दुसरी, पट्ट्यातल्या कुठल्या तुकड्याला कुठले खत, हे आपल्या मर्जीने ठरवू नका, चिठ्ठ्या टाका. आपला हात नकळत आवडत्या खताला चांगला तुकडा देतो. चिठ्ठीला आवडनिवड नसते.

तोच न्याय दवाखान्यात. नवे औषध तरण्याबांड रोग्यांना आणि जुने औषध म्हाताऱ्यांना दिले, तर गुण औषधाचा की वयाचा? तिथेही वयाप्रमाणे गट पाडतात आणि चिठ्ठीप्रमाणे औषध देतात. आणि तोच न्याय शाळेत. पाढे पाठ करून घेण्याच्या तीन पद्धती तीन तुकड्यांत वापरल्या आणि तिसऱ्या तुकडीचे गुण वाढले, तरी सांभाळून बोलावे. तिसऱ्या तुकडीला बाईही वेगळ्या होत्या ना? मग पद्धत आणि शिकवणारी व्यक्ती ह्यांची गाठ पडली. ही गाठ कुठल्याही गणिताने सुटत नाही; ती मुळात पडू नये म्हणून आधीच मांडणी करावी लागते. जमल्यास एकाच तुकडीतल्या मुलांना चिठ्ठ्यांनी वाटून घ्यावे, किंवा प्रत्येक पद्धत अनेक शाळांत चालवावी.

ह्या रीतीवरून केवढे मोठे प्रश्न उभे राहतात, त्याचा एक दाखला सांगतो. वर ज्यांचे नाव आले ते सुखात्मे रोमला संयुक्त राष्ट्रांच्या अन्न व कृषी संघटनेत संख्याशास्त्राचे प्रमुख होते आणि निवृत्तीनंतर पुण्यात काम करू लागले. भारतात भुकेली माणसे किती, हे मोजण्याची सरकारी रीत अशी होती की खेड्यातल्या माणसाला दिवसाला सरासरी २४०० आणि शहरातल्याला २१०० उष्मांक लागतात असे धरायचे, आणि त्यावरून दारिद्र्याची रेषा आखायची. सुखात्म्यांनी इथे फोड मागितली. ते म्हणाले, माणसामाणसांत फरक असतो हे खरे. पण एकाच निरोगी माणसाच्या खाण्यात आणि शक्ती खर्चण्यातही ह्या आठवड्यापासून त्या आठवड्यापर्यंत चढउतार होतात. हा दुसरा ढीग वेगळा काढला नाही, तर सरासरीच्या खाली दिसणारा प्रत्येक जण उपाशी ठरतो आणि भुकेल्यांचा आकडा फुगतो.

ह्यावर मोठा वाद झाला. पुण्याचेच अर्थशास्त्रज्ञ वि. म. दांडेकर विरोधी बाजूस होते. गरीब माणूस कमी खातो ते शरीराच्या स्वाभाविक चढउतारामुळे नव्हे, तर मडके रिकामे असते म्हणून, असा टीकाकारांचा रोख होता. इथे आपण काय शिकायचे? फोड कशी करायची हे गणित सांगते. पण हाती आलेल्या ढिगाला नाव काय द्यायचे, तो ‘शरीराचा चढउतार’ की ‘रिकामे मडके’, हे गणित सांगत नाही. त्यासाठी माणसाच्या घरात डोकावून पाहावे लागते. आणि त्या नावावर लाखो लोकांचे धान्य अवलंबून असते.

आता हे ज्ञान घेऊन पुन्हा शेगाव तालुक्यात जाऊ. तिथे कुणी कसे गणित केले, हे मी सांगत नाही. असा प्रश्न पुढे आला तर कशी मांडणी करावी, एवढेच सांगतो. तीन गट घ्यावे: केस गेलेली माणसे, त्याच गावातली केस न गेलेली माणसे, आणि दूरच्या, आजार नसलेल्या गावातली माणसे. प्रत्येकाच्या केसांतले, रक्तातले सेलेनियम मोजावे, जस्त मोजावे, आणि घरच्या पाण्यातले नायट्रेटही मोजावे. ज्या पदार्थाचा फरक गटागटांत मोठा आणि गटाच्या आत लहान, त्याच्यावर संशय घट्ट होतो. जो पदार्थ सगळीकडे सारखाच कमी-जास्त आढळतो, त्याच्यावरचा संशय सैल होतो. फरक दीडशे पटीचा असेल तर एफचा तक्ता उघडायचीही फारशी गरज पडत नाही, डोळ्यांनाच दिसतो. तक्ता लागतो तो दीडपट-दोनपट फरकाच्या वेळी, आणि जगातले बहुतेक प्रश्न ह्याच मापाचे असतात.

मात्र तीन पथ्ये पाळावी लागतात. पहिले, एकाच चुलीवर जेवणारी पाच माणसे म्हणजे पाच साक्षीदार नव्हेत. त्यांची साक्ष बरीचशी एकच असते. म्हणून नमुने वेगवेगळ्या घरांतून घ्यावेत. दुसरे, एखाद्या-दुसऱ्याचाच आकडा अफाट मोठा असेल, किंवा एका गटातला पसारा दुसऱ्यापेक्षा कितीतरी अधिक असेल, तर साधी फोड फसवते. जाणकार अशा वेळी आकड्यांचे रूप बदलून किंवा निराळी रीत वापरून पाहतात. तिसरे आणि सर्वांत मोठे, फरक आहे हे कळले म्हणजे कारण कळले असे नाही. केसांत सेलेनियम सापडले, एवढ्याने ते कुठून आले हे ठरत नाही. त्यासाठी गहू, पाणी, माती वेगळी तपासावी लागते. आणि त्याच गावातल्या, रेशनचा गहू खाणाऱ्या व न खाणाऱ्या घरांची तुलना करावी लागते.

गुरुजनांना एक विनंती. हा पाठ वर्गात सहज घेता येतो. मुलांची उंची मोजा, किंवा तीन झाडांची वीस-वीस पाने तोडून त्यांची लांबी मोजा. झाडाझाडांतला फरक आणि एकाच झाडावरच्या पानापानांतला फरक, असे दोन ढीग मुलांना स्वतः मांडू द्या. आठवी-नववीच्या मुलाला वर्ग, बेरीज आणि भागाकार येतो. त्यापलीकडे ह्यात काही नाही.

आणि आपण सगळ्यांनी एवढे करावे. कुणी दोन गावांच्या, दोन जातींच्या, दोन शाळांच्या सरासऱ्या सांगू लागला, की त्याला तीन प्रश्न विचारावेत. बाबा रे, प्रत्येक गटात माणसे किती मोजलीस? गटाच्या आत फरक किती होता? आणि माणसे निवडली कुणी? उत्तरे मिळाली तर त्याचे म्हणणे ऐकून घ्यावे. नाही मिळाली तर त्या सरासरीवरून कुणाच्या गावाला नाव ठेवू नये, आणि कुणाची सोयरीक मोडू नये.